मासोळीचा न्याय आणि आपला ठराव

(सामुदायिक रेडिओवरून प्रसारित झालेले भाषण)

  कोणी तांदूळ निवडत ऐकत असेल, कोणी चुलीपाशी बसून ऐकत असेल. हातातलं काम चालू द्या आणि कान इकडे द्या.

आज मासोळीपासून सुरुवात करू. आपल्या गोंडपिपरी तालुक्याच्या एका अंगाला वैनगंगा, दुसऱ्या अंगाला वर्धा. गावोगावी तलाव आणि बोड्या आहेतच. ज्यांच्या घरचे लोक तलाव ठेक्याने घेतात, त्यांना एक गोष्ट विचारा. तलावात बोटुकली सोडायच्या आधी तुम्ही काय करता? ते सांगतील, आधी जाळं फिरवून मरळ काढतो. मरळ आत राहिली तर सोडलेलं बियाणं तिच्याच पोटात जातं. बोटुकली कितीही सोडा, पाणी कितीही चांगलं असू द्या, मरळ असेल तर हंगामाला हाती काही लागत नाही.

आता मरळ काही वाईट वागते असं नाही. तिला भूक लागते, ती मोठी आहे, समोर लहान मासोळी आहे. ती खाते. हा पाण्यातला रिवाज आहे. आपल्या देशातल्या जुन्या विचारवंतांनी या रिवाजाला नाव दिलं, मत्स्यन्याय. इथे न्याय म्हणजे कोर्टातला न्याय नव्हे बरं का. इथे न्याय म्हणजे रीत. माशांची रीत. आपण घरात म्हणतो ना, बळी तो कान पिळी, तेच.

हा शब्द आजचा नाही. दोन-अडीच हजार वर्षांपासून आपले लोक यावर विचार करत आले आहेत. माणसांच्या वस्तीत माशांची रीत चालू झाली तर काय करायचं? दुबळ्याला वाचवायचं कोणी? आणि वाचवणाराच खाऊ लागला तर? हे प्रश्न फक्त राजेरजवाड्यांचे नाहीत. आपल्या ग्रामसभेत आणि बचत गटातही हेच प्रश्न आहेत. म्हणून आज हा विषय घेतला.

ओंजळीतली मासोळी

सगळ्यात जुनी गोष्ट शतपथ ब्राह्मण नावाच्या वैदिक ग्रंथात आहे. मनू सकाळी हात धूत होता. पाण्याबरोबर त्याच्या हातात एक इवलासा मासा आला. तो मासा मनूला म्हणाला, मला सांभाळ, मी तुला पुढे वाचवीन. आम्ही लहान असतो तोवर आमच्या जिवाला फार धोका, मासाच माशाला गिळतो. आधी मला मडक्यात ठेव, मडकं पुरेनासं झालं की खड्डा खणून त्यात ठेव, मग समुद्रात सोड. मनूने तसंच केलं. पुढे महापूर आला, तेव्हा त्याच माशाने मनूची नाव ओढून नेली.

या गोष्टीत मला दोन गोष्टी महत्त्वाच्या वाटतात. पहिली, लहान मासा स्वतः तोंडाने बोलला. कोणी येऊन विचारेल याची वाट पाहत बसला नाही. दुसरी, त्याने भीक मागितली नाही. तू मला सांभाळ, मी तुला सांभाळीन, असा करार केला. आणि एकदम समुद्र मागितला नाही. आधी मडकं, मग खड्डा, मग समुद्र. आपला गट दर महिन्याला थोडी थोडी बचत करून वाढतो, तो याच रीतीने.

राजा कसा आला?

पुढची गोष्ट महाभारताच्या शांतिपर्वात आहे. युद्ध संपलं आहे, भीष्म शरपंजरी पडलेले आहेत आणि युधिष्ठिराला राज्य कसं चालवायचं ते सांगताहेत. ते म्हणतात, पूर्वी राजा नव्हता तेव्हा बलवान लोक दुबळ्यांना खात, जसे पाण्यातले मासे. मग लोक एकत्र जमले. त्यांनी आपसात ठराव केला. जो शिवीगाळ करील, जो मारझोड करील, जो दुसऱ्याचं धन घेईल, त्याला आपल्यातून बाहेर काढायचं.

बायांनो, इकडे लक्ष द्या. राजा नंतर आला, ठराव आधी झाला. पण ठराव पाळायला लावणारा कोणीतरी हवा होता. म्हणून लोक ब्रह्मदेवाकडे गेले आणि आम्हाला राजा द्या म्हणाले. ब्रह्मदेवाने मनूचं नाव सुचवलं. मनू आधी तयार होईना. म्हणाला, राज्य करणं अवघड काम आहे, त्यात पाप घडतं, मला भीती वाटते. लोकांनी त्याला कबूल केलं, तुला जनावरांचा आणि सोन्याचा पन्नासावा हिस्सा देऊ, धान्याचा दहावा हिस्सा देऊ, तू आमचं रक्षण कर.

बौद्ध ग्रंथांत अशीच एक गोष्ट आहे, अग्गञ्ञ सुत्तात. त्यात देव कुठेच येत नाही. लोक शेतातला तांदूळ रोजच्यापुरता आणून खात होते. मग एकाने आळसाने दोन वेळचा एकदम आणला, दुसऱ्याने आठ दिवसांचा, आणि साठेबाजी सुरू झाली. मग बांध घातले गेले. मग एकाने दुसऱ्याच्या बांधातलं चोरलं. समजावलं, तरी पुन्हा चोरलं. तेव्हा लोकांनी आपल्यातलाच एक योग्य माणूस निवडला. रागवायचं तिथे तू राग, बाहेर काढायचं तिथे बाहेर काढ, आम्ही तुला आमच्या तांदळातला वाटा देऊ. त्याचं नाव पडलं महासंमत, म्हणजे सगळ्यांनी संमती दिलेला.

दोन्ही गोष्टींत राजा वरून पडलेला नाही. तो कामाला ठेवलेला माणूस आहे. त्याला मजुरी आहे आणि त्याचं काम ठरलेलं आहे. दुबळ्याला मोठ्याच्या तोंडातून वाचवणं, हे ते काम.

हे नुसतं पोथीतलं नाही. आठव्या शतकात बंगालमध्ये फार अंदाधुंदी माजली होती. धर्मपाल राजाचा खालिमपूर इथे सापडलेला ताम्रपट आहे. त्यात कोरलं आहे की, मत्स्यन्याय संपवण्यासाठी लोकांनी त्याच्या बापाला, गोपालाला, राज्यावर बसवलं. तांब्याच्या पत्र्यावर हाच शब्द आहे, मत्स्यन्याय.

राखणदाराची राखण कोण करील?

आता अवघड प्रश्न. कुंपणच शेत खाऊ लागलं तर?

कौटिल्य, ज्याला आपण चाणक्य म्हणतो, त्याचा अर्थशास्त्र हा ग्रंथ राज्य चालवण्याविषयीच आहे. तो सांगतो, शिक्षेचा धाक नसेल तर बलवान दुबळ्याला गिळतो. पण लगेच पुढचं सांगतो. शिक्षा फार कडक असेल तर लोक वैतागतात, फार मऊ असेल तर कोणी जुमानत नाही, जेवढ्यास तेवढी असेल तरच मान मिळतो.

सरकारी नोकरांविषयी तो जे म्हणतो ते ऐकून तुम्हाला हसू येईल. पाण्यात फिरणारा मासा पाणी कधी पितो ते जसं कळत नाही, तसा कामावर असलेला माणूस पैसा कधी खातो ते कळत नाही. हे सांगून तो थांबत नाही. पैसा खाण्याचे चाळीस प्रकार त्याने मोजून दिले आहेत. आलेली रक्कम न लिहिणं, कमी लिहिणं, एकाच्या नावावर दुसऱ्याला देणं. त्यावर हिशेब तपासणी हाच त्याचा उपाय आहे.

आणि हाच कौटिल्य एक गंमतही करतो. मनूला लोकांनी राजा केलं आणि धान्याचा सहावा हिस्सा ठरवून दिला, ही गोष्ट तो कोणाच्या तोंडी घालतो माहीत आहे? गुप्तहेरांच्या. गर्दीत एकाने कराविषयी तक्रार करायची आणि दुसऱ्याने ही गोष्ट सांगून लोकांना गप्प करायचं. म्हणजे, आम्ही आहोत म्हणून तुम्ही सुखरूप आहात, असं कोणी फार वेळा सांगू लागलं, की सांगणारा कोण आहे आणि हिस्सा किती घेतो, हे आपण विचारलं पाहिजे.

आपल्या महाराष्ट्रात हे ज्यांना नीट कळलं होतं, ते शिवाजी महाराज. १६७३ साली त्यांनी चिपळूणच्या लष्करी अधिकाऱ्यांना पत्र पाठवलं होतं. छावणीतला दाणागोटा जपून वापरा. तो आधीच उडवून टाकलात तर पुढे तुमची माणसं कुणब्याच्या घरचं धान्य, भाजी, गवत आणायला जातील. तसं झालं तर लोकांना वाटेल, यापेक्षा मोगल बरे. महाराजांना भीती शत्रूची नव्हती. आपलाच शिपाई मरळ होईल, ही भीती होती.

पोथीत आपण कुठे होतो?

जुन्या ग्रंथांचं चांगलं ते सांगितलं, आता दुसरी बाजूही सांगते. मनुस्मृतीही म्हणते की दंड नसेल तर बलवान दुबळ्यांना शूलावरच्या माशांसारखं भाजून खातील. पण त्याच मनुस्मृतीत एकाच गुन्ह्याला जातीप्रमाणे वेगवेगळी शिक्षा आहे. बाईने कोणत्याच वयात आपल्या मर्जीने राहू नये असंही तिथेच आहे. अर्थशास्त्रात जंगलातल्या लोकांकडे राज्याला धोका म्हणून पाहिलं आहे. म्हणजे लहान माशाला वाचवायचं ठरलं, पण लहान मासा म्हणून बाई, शूद्र, रानातला माणूस मोजलाच गेला नाही.

तरीही एक फार मोलाची ओळ तिथेच सापडते, बृहदारण्यक उपनिषदात. तिचा अर्थ असा, की धर्म म्हणजे नियम हा राजाच्या बळाहूनही मोठा आहे, आणि त्या नियमाच्या आधाराने दुबळा माणूस बलवानाला आवर घालू पाहतो, जसा एखादा राजाच्या आधाराने घालील. दुबळ्याकडे अंगबळ नसतं, पैसा नसतं, ओळख नसते. नियम मात्र त्याचा असू शकतो. पण तो सगळ्यांना सारखा हवा.

तसा सारखा नियम आपल्याला २६ जानेवारी १९५० ला मिळाला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या अध्यक्षतेखालील समितीने मसुदा केलेल्या संविधानात चौदावं कलम आहे. कायद्यापुढे सगळे समान. बाई आली, जंगलातला माणूस आला, सगळे आले. पण कागदावरचा नियम गावात उतरवायला गावालाच बसावं लागतं.

आपल्याच तालुक्यातलं पाचगाव

हे कसं उतरतं ते पाहायला लांब जायला नको. आपल्याच गोंडपिपरी तालुक्यातलं पाचगाव घ्या.

जंगल आपल्या दाराशी, पण बांबू तोडला की गुन्हा. आणि त्याच चंद्रपूर-गडचिरोलीच्या जंगलातला बांबू कागद कारखान्यांना कराराने मिळत असे. मोठ्याला परवाना, लहानाला दंड. २००६ साली संसदेने वनहक्क कायदा केला. त्यात बांबू, तेंदूपत्ता, मोहफुलं यांना गौण वनउपज म्हटलं आणि गावाला आपल्या जंगलावर सामूहिक हक्क मागता येईल असं लिहिलं. गडचिरोलीच्या मेंढा (लेखा) गावाला २००९ साली सुमारे १८०० हेक्टर जंगलावर हा हक्क मिळाला. तरी बांबू विकायला लागणारा वाहतूक परवाना देण्याचा अधिकार त्यांच्या हाती यायला २०११ साल उजाडलं. हक्क मिळाला तरी तो वापरू देईपर्यंत पाठपुरावा करावा लागतो, हे त्यांनी दाखवलं.

पाचगावला २०१२ साली सुमारे १००० हेक्टर जंगलाचा सामूहिक हक्क मिळाला. हक्क मिळाल्यावर त्यांनी आधी काय केलं? बसून नियम केले. थोडेथोडके नाहीत, शंभराहून जास्त. जंगलात कोणी काय करायचं, काय नाही करायचं, चुकलं तर काय. मग बांबू तोडायला गावातलेच लोक आणि विकणारी ग्रामसभाच.

त्यांचा एक निर्णय मला फार मोठा वाटतो. तेंदूपत्त्याचा पैसा दरवर्षी उन्हाळ्यात हाती येतो, आपल्याला माहीत आहे. पण चांगला पाला यावा म्हणून झुडपं छाटतात, आगी लावतात, जंगलाची हानी होते. पाचगावने तेंदूपत्ता तोडणं बंद केलं. म्हणजे त्यांनी बाहेरच्या मोठ्या माशालाच आवर घातला असं नाही. आपल्याही हाताला आवर घातला. लहान मासा मोठा झाला की तोही खाऊ लागतो, हे ज्याला कळलं त्याचंच पाणी टिकतं.

या कायद्यात आपल्यासाठी काय आहे ते लक्षात ठेवा. वनहक्काच्या ग्रामसभेला निम्मे सदस्य हजर लागतात आणि हजर असलेल्यांत किमान एक तृतीयांश बाया लागतात. वनहक्क समितीतही किमान एक तृतीयांश बाया. वैयक्तिक वनहक्काचा पट्टा नवरा-बायको दोघांच्या नावाने निघतो. ग्रामसभेच्या दिवशी आपण घरी राहिलो आणि सही मात्र नंतर घरी येऊन घेतली, असं होत असेल, तर आपणच आपली जागा सोडली.

मरळ आपल्या बोडीत

आता थोडं आमच्या गटाचं सांगते. कोणाचं नाव घेत नाही.

आम्ही अकरा जणी. दर महिन्याला शंभर रुपये बचत. पाच-सहा वर्षं झाली होती. अध्यक्ष आणि तिची जाऊ, दोघींच्या घरी शेती बरी, ट्रॅक्टर. मोठं कर्ज नेमकं पेरणीच्या तोंडावर त्यांच्याच घरी जायचं. परतफेड त्या करायच्या, तसं खोटं सांगणार नाही. पण वेळ त्यांची, रक्कम त्यांची. आम्ही रजिस्टरवर अंगठा मारायचो, सही करायचो. वहिनी शिकलेली आहे, तिला कळतं, असं म्हणायचो.

एक काकू होती, एकटी राहणारी, दोन एकर धान. तिने रोवणीसाठी पाच हजार मागितले. आता शिल्लक नाही, पुढल्या महिन्यात पाहू, असं उत्तर मिळालं. काकू काही बोलली नाही. रोवणी पुढल्या महिन्यापर्यंत थांबत नाही. तिने सावकाराकडे डोरलं ठेवलं. दोन वर्षं झाली तरी ते सुटलं नाही. एक दिवस बैठकीत ती मला म्हणाली, "माय, मी दर महिन्याला शंभर रुपये टाकते. माझे पैसे ट्रॅक्टरमधून फिरतात आणि मी पायी चालते."

मला रात्रभर झोप आली नाही. कारण रजिस्टर मी लिहीत होते. शिल्लक होती की नव्हती, हे मला माहीत होतं.

पुढल्या बैठकीत मी रजिस्टर मोठ्याने वाचलं. बचत किती, कोणाकडे किती, किती दिवसांपासून. भांडण झालं. दोन महिने बैठकच झाली नाही. मग पुन्हा बसलो आणि ठराव लिहिला. दर बैठकीत हिशेब मोठ्याने वाचायचा, ज्यांना वाचता येत नाही त्यांना समजेपर्यंत. हंगामाच्या आधी सगळ्यांच्या गरजा लिहायच्या आणि ज्यांना बाहेरून कर्ज मिळत नाही त्यांचा नंबर आधी. एका घरात एकाच वेळी एकच कर्ज. अध्यक्ष दर दोन वर्षांनी बदलायची. त्या वहिनी आजही गटात आहेत. पहिल्या वर्षी रागावल्या होत्या, आता बोलतात. काकूला तिच्या हंगामाला कर्ज मिळतं. डोरलं मात्र गेलं ते गेलंच.

त्या सावकाराविषयीही सांगते, म्हणजे तुमच्या गावात तसं होऊ नये. महाराष्ट्रात २०१४ चा सावकारी नियमन कायदा आहे. परवाना नसताना व्याजाचा धंदा करणं गुन्हा आहे. तक्रार तालुक्याच्या सहायक निबंधकाकडे किंवा जिल्हा उपनिबंधकाकडे करता येते. बेकायदा सावकारीत गेलेली जमीन परत मिळण्याची तरतूदही त्यात आहे. आम्हाला हे उशिरा कळलं.

पुढल्या बैठकीसाठी

बायांनो, मरळ ओळखणं सोपं नसतं. ती कधी बाहेरची असते, कधी आपल्यातली, कधी आपणच असतो. म्हणून पुढल्या बैठकीत चार प्रश्न विचारा आणि उत्तरं रजिस्टरमध्ये लिहा.

आपल्या गटाचे नियम लिहिलेले आहेत का, की कोणाच्या तोंडात आहेत? गेल्या वर्षी सगळ्यात जास्त कर्ज कोणत्या घरी गेलं आणि एकदाही कोणाला मिळालं नाही? हिशेब शेवटचा मोठ्याने कधी वाचला? आणि आपल्यात अशी कोण आहे, जी बैठकीत कधीच बोलत नाही?

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर सापडलं की तिच्या शेजारी जाऊन बसा. बैठकीआधी तिच्या घरी एक चक्कर मारा, चहा घ्या, तिला काय हवं ते विचारा. मनूच्या हातातला मासा स्वतः बोलला खरा, पण मनूनेही हात झटकला नाही. ओंजळ तशीच धरून ऐकलं.

तुमच्या गटात काय ठरलं ते आम्हाला कळवा. पुढल्या वेळी ते वाचून दाखवू. येते मी. रामराम, जय भीम, सेवा जोहार.